रामभाऊची शेवटची मॅच आणि माझ्या बाजूची खुर्ची

हे लिहायला मी तीन महिने लावले. लावले म्हणजे काय, टाळलं. आधी म्हटलं फोटो नीट लावून होऊ देत. मग चार्जर बिघडला. मग चार्जर आला तरी मी तो बिघडलाय असंच धरून चाललो. खरं कारण वेगळंच आहे. पेठेत जो भेटेल तो विचारतो, "काय मर्दा, रामभाऊ भेटला काय जर्मनीत?" मी म्हणतो, भेटला. "अजून खेळतोय काय?" इथं मी विषय बदलतो. कारण रामभाऊची शेवटची मॅच रेफ्रीनं नाही, मी संपवली.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: रामभाऊ म्हणजे रामिरो. अर्जेंटिनाचा, पाराना नदीकाठच्या गावचा सेंटर फॉरवर्ड. कोल्हापुरात तालमींच्या टीम सीझनला बाहेरचे खेळाडू आणतात हे तुम्हाला ठाऊक असेल. आठ वर्षांपूर्वी आमच्या तालमीनं याला आणला आणि आमच्या माडीवरच्या खोलीत ठेवला. रामिरो हे नाव आईच्या जिभेवर बसेना, म्हणून रामभाऊ. तांबडा रस्सा पिताना त्याच्या डोळ्यांतून धारा लागायच्या, पण वाटी खाली ठेवायचा नाही. मी तेव्हा अकरावी सोडून दिवसभर मैदानावर. त्याच्याकडून स्पॅनिश शिव्या शिकलो, त्याला मराठी शिकवल्या. एका सीझननंतर तो गेला. फोनवर दिवाळीच्या शुभेच्छा तेवढ्या राहिल्या.

या मे महिन्यात मी ताईकडे गेर्लिंगेनला होतो. भावजी तिथल्या मोठ्या कंपनीत इंजिनियर, ताई घरून काम करते, भाची मिहिका शाळेत. नव्वद दिवसांचा व्हिसा, आणि पंधराव्या दिवशी मला घर चावायला लागलं. भावजी आणि मिहिका आठला बाहेर, ताई लॅपटॉपला चिकटलेली, उरलो मी आणि डिशवॉशर. मिहिकाशी मराठीत बोलावं तर ती "या, गेनाऊ", म्हणजे जर्मनमध्ये "हो, बरोबर", म्हणून आपल्या खोलीत. अशात रामभाऊचा मेसेज आला. येनाजवळ पाचव्या डिव्हिजनला खेळतो, शनिवारी शेवटची मॅच, त्यानंतर बूट खुंटीला. येतोस का?

"अहो, हा एकटा जाईल का तिकडे?" ताईनं भावजींना विचारलं, मी समोर बसलेलो असताना.

"जाईल की," भावजी म्हणाले. "परत येईल का ते विचार."

आता कामाची माहिती. महिनाभराचं डॉइचलांड-टिकेट, म्हणजे देशभर चालणारा पास, काढा. जलद गाड्या चालत नाहीत, बाकी सगळं चालतं. रद्द करायची तारीख लक्षात ठेवा, नाहीतर पुढच्या महिन्याचेही पैसे जातात (गेले). गेर्लिंगेनहून यू-सहा नंबरच्या मेट्रोनं श्टुटगार्ट, तिथून न्युर्नबर्ग, मग सालफेल्ड, मग येना. सात तास लागतात. मला साडेनऊ लागले, कारण सालफेल्डला गाडी बदलायच्या वेळेत मी स्टेशनबाहेर एका टपरीवर पांढरे मुळे बघत उभा राहिलो. एवढे लांब, सरळ मुळे. एक जुडी घेतली, गाडी गेली. नंतर कळलं ती पांढरी शतावरी, मे महिन्यात हे लोक तिच्यासाठी वेडे होतात. मी एक देठ कच्चाच खाऊन बघितला होता. खाऊ नका.

या गाड्यांमध्ये कुणी कुणाशी बोलत नाही. पहिले दोन तास बरं वाटतं. चौथ्या तासाला मी समोरच्या आजींना शतावरी दाखवून हसलो. त्यांनी मान हलवली आणि पर्स मांडीवर घेतली.

येनाला जिथं उतरलो त्या स्टेशनचं नाव पॅराडीस, म्हणजे स्वर्ग. दोन फलाट, एक बाकडं. त्या बाकड्यावर रामभाऊ बसला होता. साडेनऊ तासांतले शेवटचे अडीच तो तिथंच बसून होता. दाढी पांढरी झालेली, गुडघे पसरून.

"जेवलास का, भावा?" पहिलं वाक्य. तेही मराठीत.

त्याचं गाव तिथून बसनं पंचवीस मिनिटं. शनिवार-रविवारी बस दोन तासांनी एक, रविवारी दुकानं बंद, म्हणून शुक्रवारीच सामान भरून ठेवायचं. त्याचा फ्लॅट म्हणजे एक खोली, एक ताट, एक चांगला तवा. आईनं दिलेली कांदा-लसूण चटणीची बरणी त्याच्या हातात दिली. त्यानं झाकण उघडलं, वास घेतला, परत लावलं. मग मांसाच्या जाड तुकड्यावर दोन चमचे चोळून तव्यावर टाकलं. शतावरीही त्यानंच शिजवली.

जेवताना सगळं निघालं. बाप धान्याच्या गोदीवर हमाल. सतराव्या वर्षी एजंटनं पाहिलं, एकोणिसाव्या वर्षी जर्मनी, दुसरी डिव्हिजन. पहिल्या हिवाळ्यात भाषा येत नव्हती म्हणून बेकरीत बोट दाखवून रोज एकच पाव घ्यायचा. दुसरा आवडला असता हे त्याला मार्चमध्ये कळलं. तीन सीझन बरे गेले. इथंच लग्न केलं, मुलगी झाली, एमीलिया. मग गुडघा गेला. मग तिसरी डिव्हिजन, मग सायप्रस, मलेशिया, आमचं कोल्हापूर. आता सकाळी भिंगांच्या कारखान्यात खोकी भरतो, संध्याकाळी सराव.

"फॉरवर्डचं काम काय?" तो म्हणाला, त्याच्या इंग्रजी-स्पॅनिशच्या खिचडीत. "पुढं उभं राहायचं आणि वाट बघायची. सगळे मागं असतात. मी घरीही तेच केलं. फक्त घरापासूनच पुढं गेलो."

एमीलिया आता सोळाची. आई जर्मन, म्युनिकजवळच्या गार्चिंगमध्ये एका संशोधन संस्थेत, मुलगी तिच्याजवळ. बापाचे फोन उचलते, हो-नाही करते, ठेवते. त्याला खेळताना तिनं शेवटचं पाहिलं ते पाच वर्षांची असताना. या पूर्ण सीझनमध्ये घरच्या प्रत्येक मॅचला रामभाऊनं तिच्या नावाचं पाकीट तिकीटखिडकीत ठेवलं. एकदाही उचललं गेलं नाही.

"उद्या येईल?" मी विचारलं.

"मेसेज वाचलाय," तो म्हणाला. "निळ्या खुणा आल्यात." आणि ताट धुवायला उठला.

शनिवारी दुपारी मैदानावर तीनशेक माणसं असतील. एका बाजूला पत्र्याखाली खुर्च्या, समोर गवताचा चढ, तिथं लोक उभे राहून बघतात. तिकीट आठ युरो, भाजलेलं सॉसेज साडेतीन, मोहरी हवी तेवढी. खिडकीत एक जाड चष्म्याच्या बाई होत्या. त्यांनी माझं पाकीट दिलं. मागं अजून एक होतं, त्यावर एमीलिया.

"ती नाही का तुमच्याबरोबर?" त्यांनी विचारलं.

मी नाही म्हटलं. "आल्झो," म्हणजे "बरं तर," त्या म्हणाल्या आणि पाकीट खिडकीच्या काचेला टेकवून उभं केलं, येणाऱ्याला लांबूनच दिसेल असं.

माझी खुर्ची पहिल्या ओळीत, कठड्याला लागून. बाजूची रिकामी. एक काका बसायला आले, मी म्हटलं, कुणीतरी येतंय. हाफटाइमला तेच काका परत आले. मी परत तेच म्हटलं. त्यांनी माझ्याकडे ज्या नजरेनं पाहिलं तिला कोल्हापुरात "असू दे, असू दे" म्हणतात.

पंच्याहत्तराव्या मिनिटाला रामभाऊ उतरला. टाळ्या पडल्या, बऱ्यापैकी. पाच मिनिटं त्याला बॉल मिळालाच नाही. तो पुढं उभा. मग उजवीकडून क्रॉस आला, त्याच्या मानानं बराच मागं. अडतिसाव्या वर्षी, त्या गुडघ्यावर, तो मागं झुकला आणि डोक्यानं बॉल असा जाळ्यात घातला की गोली जागचा हलला नाही.

आणि इथं मी माती खाल्ली.

माझ्या खिशात गुलाल होता. पिशवीभर, घरून आणलेला. आपल्याकडे जिंकल्यावर गुलाल हे खरं, पण आमच्या पेठेत जिंकेपर्यंत कुणाला दम असतो? मूठ कधी वर गेली मला कळलंच नाही. गुलाबी ढग उठला. आजूबाजूचे लोक खुर्च्या सोडून पळाले. रामभाऊ सरळ आमच्याकडे धावत आला, कठड्याशी थांबला, आणि कोल्हापुरात वाकायचा तसाच वाकला. मी दोन्ही मुठी त्याच्या डोक्यावर रिकाम्या केल्या. कपाळ, दाढी, डोळे, सगळं. मी ओरडत होतो. सबंध स्टँडमध्ये ओरडणारा मी एकटाच.

रेफ्रीची शिट्टी. त्यांना वाटलं धूर सोडला. पिवळ्या जॅकेटातले दोन ओर्डनर, म्हणजे मैदानाचे राखणदार, आले आणि मला काखेत धरून बाहेर नेलं. जाताना मान वळवून पाहिलं. रामभाऊचे डोळे उघडत नव्हते. कुणीतरी बाटलीनं पाणी ओतत होतं. आणि बाजूला, रेषेवर, एक विशीतला खेळाडू बूट घासत तयार होता. डोळ्यांत पावडर घेऊन खेळता येत नाही, ट्रेनरनं बदलला. वीस वर्षांची कारकीर्द, शेवटची सहा मिनिटं, आणि टाळ्या घेत मैदानातून जायचं ते धुवायला गेला.

ऑफिसात माझा फॉर्म भरला. नाव, पासपोर्ट, जर्मनीतला पत्ता म्हणून ताईचा. वर्षभराचं हाउसफरबोट: या मैदानात पाऊल टाकायचं नाही. आमच्या घराण्यात फुटबॉलवरून बंदी आलेला मी पहिलाच. खिडकीतल्या बाईंनी ते उभं पाकीट माझ्यासमोर फाडलं. रागानं नाही. रोजचं काम असल्यासारखं, दोन तुकडे, मग चार.

फ्लॅटवर रामभाऊ बेसिनमध्ये डोकं घालून उभा होता. पाणी गुलाबी वाहत होतं. मी माफी मागायला तोंड उघडलं तर तो तसाच वाकलेला म्हणाला, "वीस वर्षं या देशात येतो-जातो. गोल केला की हात मिळवतात. डोक्याला हात कुणी लावला नाही."

मग नळ बंद केला. "कुणी बसलं होतं?"

"कुठं?"

"तुझ्या बाजूला. ढग होता. दिसलं नाही."

तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. तो माझ्याकडे धावलाच नव्हता. तो त्या खुर्चीकडे धावत होता, आणि मी मध्ये आलो.

"नाही," मी म्हटलं. त्यानं टॉवेल तोंडावर घेतला आणि बराच वेळ पुसत राहिला.

रविवारी निघताना त्यानं एक कागदी पुडकं दिलं. आत त्याची जर्सी, न धुतलेली. वर एमीलियाचा पत्ता. "म्युनिकवरून जातोस ना? पोस्टानं पाठवलेलं ती उघडत नाही." मी म्युनिकवरून जाणार नव्हतो. जातो म्हटलं.

येना ते म्युनिक पुन्हा न्युर्नबर्गमार्गे, सहा तास. म्युनिकहून गार्चिंगला यू-सहा. गंमत बघा, ताईकडेही यू-सहाच जाते. क्षणभर वाटलं घरीच चाललोय. रविवारचं गार्चिंग अगदी शांत. सायकली कुलूप लावून ओळीनं उभ्या. स्टेशनवर दोन पोरं मराठीत भांडत होती, पीएचडीवाली असावीत, "अरे, तुझा प्रोफेसर निदान मेल वाचतो तरी!" त्यांना हाक मारावीशी वाटली. मारली नाही. तीन दिवसांत मला हाक न मारायची सवय लागली होती.

पत्त्यावरची इमारत सापडली. बेल सापडली. चाळीस मिनिटं समोरच्या कट्ट्यावर बसलो. काय सांगणार? मीच तो, तुझ्या बापाला मैदानाबाहेर काढणारा? शेवटी कागद शोधला तर खिशात फक्त हाउसफरबोटच्या फॉर्मची प्रत. तिच्या मागं फोनला विचारत विचारत जर्मनमध्ये लिहिलं: तुझ्या वडिलांनी गोल केला. ते तुझ्या खुर्चीकडे धावले. मी मध्ये होतो. त्यांची चूक नाही. कागद पुडक्यात सरकवला, पुडकं पत्रपेटीवर ठेवलं, आणि बेल न दाबता निघालो. हे लिहिताना अजूनही लाज वाटते.

आता घरी येऊनही दोन महिने झाले. जायचं असेल त्यांनी मे महिन्यात जा, येनाच्या टेकड्या हिरव्यागार असतात, नदीकाठी बसायला पैसे लागत नाहीत. पण माझ्याबरोबर आलं ते हे नाही. तो उभा राहून वाट बघणारा माणूस आला. रामभाऊ आता पूर्ण वेळ खोकी भरतो. फोन केला की "जेवलास का" विचारतो, मी मुलीचं विचारत नाही, तो सांगत नाही. मैदानावर संध्याकाळी पोरं खेळतात तेव्हा मी आता सारखा त्यांच्या सेंटर फॉरवर्डकडेच बघतो, बॉल दुसरीकडे असताना.

एवढं लिहून मी चहाला उठलो होतो, तेवढ्यात ताईचा फोन. आवाज हळू, दबलेला.

"अरे, दारात एक मुलगी उभी आहे. गार्चिंगहून एकटी आलीये. हातात तुझा तो बंदीचा फॉर्म, त्यावरचा आपला पत्ता शोधत आली."

मी चहाचा गॅस बंद केला.

"ऐकतोयस ना? ती म्हणते, त्या दिवशी ती तिथंच होती. स्वतःच्या पैशानं तिकीट काढून. समोरच्या गवतावर उभी होती. म्हणते, बाबा माझ्याकडे पाठ करून दुसरीकडेच धावले, म्हणून मी निघून गेले. मिहिकानं तिला आत ओढून बसवलंय. आता ती मुलगी विचारतेय, बाबांना फोन मी करू की तुम्ही कराल?"