धारला मिळालेली दुपार

देवीवरचा माझा विश्वास डोळ्यांबरोबरच गेला होता. हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे मी कोणी मोठा भक्त होतो असा पुढचं वाचताना कोणाचा समज व्हायला नको. काचबिंदू निघाला. गोंदियाला दाखवलं, नागपूरला दाखवलं, ऑपरेशनही झालं. पण आधी एक डोळा, मग दुसरा, असं करत सगळं विझत गेलं. गोरेगाव तालुक्यातल्या एका गावात माझी धानाची शेती. कोणत्या बांधीत पाणी कमी आहे हे धुऱ्यावर, शेताच्या बांधावर, उभं राहून नुसतं पाहून सांगणारा मी, घरातल्या घरात उंबरठ्याला ठेचकाळू लागलो. रोज सकाळी देव्हाऱ्यासमोर हात जोडायची सवय होती, ती मी सोडली. माझी बायको शेवंता दिवा लावायची आणि माझ्या हातावर प्रसादाची साखर ठेवायची. साखर खायचो, पण हात जोडायचो नाही. तिनं त्याबद्दल मला कधी एका शब्दानं विचारलं नाही.

आम्ही पोवार. आमचे पूर्वज माळव्यातून, धारहून, इकडे आले असं आमच्यात पिढ्यान्‌पिढ्या सांगतात. धार ही आमच्या राजांची राजधानी आणि तिथली गढकालिका आमची कुलदेवी. एकदा जोडीनं धारला जाऊन आईची ओटी भरायची, असं शेवंतानं लग्न झाल्यावरच म्हटलं होतं आणि मीही हो म्हटलं होतं. मग कधी रोवणी असायची, कधी कापणी, कधी पोरीचं लग्न, कधी पोराचं शिक्षण. यात कोणाचा दोष होता असं नाही, शेतकऱ्याच्या घरची वर्षं अशीच निघून जातात. पण डोळे गेल्यावर तेच मनात रुतून बसलं. दिसत होतं तेव्हा नेलं नाही, आता आंधळ्याला राजधानी दाखवून देवीला काय मिळणार, असं मी बोलून दाखवायचो.

शेवटी मुलानंच ठरवलं. तो नागपूरला नोकरी करतो. त्यानं इंदूरपर्यंत रेल्वेची तिकिटं काढली आणि तिथून दिवसभरासाठी एक गाडी आणि फक्त आम्हा दोघांसाठी एक गाईड, अशी व्यवस्था केली. मोठ्या घोळक्यात बाबांची आबाळ होईल, असं त्याचं म्हणणं होतं. मी नाहीच म्हणत होतो. तेव्हा शेवंता म्हणाली, "तुमाले दिसत नाही, मले तं दिसते ना. मी सांगीन तुमाले." तिच्या आवाजात एवढा आनंद होता की मला पुढं बोलवेना. तिचा सगळ्यात लांबचा प्रवास तोवर शेजारच्या छत्तीसगडातल्या डोंगरगडपर्यंतचा. ओटीचं साहित्य तिनं स्वतःच्या हातानं बांधलं. लुगडं, नारळ, हळकुंडं, आणि आमच्या बांधीतले तांदूळ.

सकाळी गाईड भेटला. पन्नाशीचा, बोलका माणूस. धारमध्येच जन्मलेला, आपल्या शहराचा अभिमान असलेला. अडचण एवढीच की त्याचं प्रत्येक वाक्य "उधर देखिए" पासून सुरू व्हायचं. मग तो थबकायचा, माफी मागायचा आणि पुढच्या वाक्याला पुन्हा तेच. तिसऱ्यांदा त्यानं माफी मागितली तेव्हा मीच त्याला म्हटलं, भाऊ, तुम्ही तुमचं काम करा, माझी काळजी करू नका. वरवर हसून म्हटलं, पण आत कढ येत होते. त्यानं मला एका जुन्या लोखंडी खांबाच्या तुकड्याजवळ नेऊन माझा हात त्यावर ठेवला. केवढा मोठा खांब असेल तो, कोणत्या राजाच्या काळातला, हे तो सांगत होता. माझ्या हाताला थंडगार लोखंड लागत होतं आणि मनात येत होतं, एवढ्या लांबून हेच चाचपायला आलो का?

मग किल्ल्यावर गेलो. चढ होता, पायाखाली फरशी होती आणि वारा जोरात होता. तिथं शेवंता बोलायला लागली. दरवाजा कसा आहे, त्यावर खिळे कसे आहेत, बुरुजाला केवढी भेग गेली आहे. लहान पोर जत्रेतून आल्यावर सांगतं तसं ती सांगत होती, एकातून दुसरं, दुसऱ्यातून तिसरं. आजूबाजूला लोक फोटो काढत होते, एकमेकांना हाका मारून काहीबाही दाखवत होते. सगळ्यांना दिसत होतं. माझ्या पूर्वजांची राजधानी माझ्याशिवाय सगळ्यांना दिसत होती. शेवंता माझा हात ओढून म्हणाली, "अवो, इथं पाहा तं, एक..." आणि मी तिचा हात झटकला.

"गप बस," मी म्हणालो. "आंधळ्याले कायले दाखवून राहिली?"

ती गप्प बसली. तिथं एक काय होतं, ते मला आजही माहीत नाही. पुढं मी विचारायला हवं होतं. विचारलं नाही, कारण त्या क्षणाची आठवण काढायची मलाच लाज वाटत होती. ती गेल्यानंतर मी मुलाकडून त्या गाईडला फोन लावायला लावला. तो बिचारा बराच वेळ आठवत राहिला आणि म्हणाला, काका, वहाँ तो बहुत कुछ है, काकी ने क्या देखा होगा, कैसे बताऊँ?

दुपारी एका खानावळीत जेवलो. शेवंतानं नेहमीसारखं माझं ताट फिरवून ठेवलं, भाजी डावीकडं, वरण समोर, एवढंच बोलली. बाकी जेवणभर भांड्यांचे आवाज. तेव्हाच तिला म्हणावं असं मला वाटलं, की चुकलं माझं, सांग तू. पण घास तोंडात होता, तो गिळेपर्यंत ती हात धुवायला उठून गेली होती.

गढकालिकेचं देऊळ टेकडीवर, खाली तलाव. गाडी पायथ्याशी थांबली. मी दार उघडलंच नाही. जिनं डोळे नेले तिच्यासमोर मी उभा राहणार नाही, असं सरळ सांगितलं. शेवंताचे गुडघे दुखरे, घरातला जिना चढतानाही ती भिंत धरायची. मला वाटलं, आता ही विनवेल किंवा रडेल. तिनं पिशवी उचलली, गाईडला सोबत यायला सांगितलं आणि निघून गेली. ड्रायव्हर चहा प्यायला गेला. मी गाडीत एकटा. लांबून घंटा ऐकू येत होती. उकडायला लागलं म्हणून मी खाली उतरलो आणि गाडीला टेकून उभा राहिलो.

किती वेळ गेला सांगता येत नाही. जवळ काहीतरी जड टेकवल्याचा आवाज झाला, पत्र्याच्या डब्याचा. मग धाप लागलेल्या एका म्हाताऱ्या बाईचा आवाज आला. ती माळवी बोलत होती. डबा देवीच्या दिव्याच्या तेलाचा आहे, एवढा ओढत आणला, पण वर नेणं होत नाही, असं ती सांगत होती. "भैया, म्हारा से नी उठी रियो," ती म्हणाली. आमच्याकडं "उठून नाही राहिला" म्हणतात, तसंच ते कानाला लागलं. परक्या गावात कोणी घरचं बोलावं असं वाटलं. मी तिला म्हटलं, माताजी, मला दिसत नाही, दुसऱ्या कोणाला तरी सांगा.

त्यावर ती जरासुद्धा हळहळली नाही. म्हणाली, "म्हने तो दिखे है. तमारो तो बस खांदो चइये."

मला दिसतंय, तुमचा तर फक्त खांदा पाहिजे. डोळे गेल्यापासून मला कोणी काम सांगितलं नव्हतं. पाणी माझ्या हातात आणून द्यायचे, चप्पल पायात घालून द्यायचे. धानाची पोती उचलून उचलून रुंद झालेला माझा खांदा रिकामाच होता. मी वाकलो, चाचपून डबा धरला आणि खांद्यावर घेतला. ओझं बसलं तसं अंगात काहीतरी सरळ झालं. ती बाई पुढं चालत होती. तिच्या बांगड्या वाजायच्या, तिकडं मी पाय टाकायचो. मधूनमधून ती सांगायची, आता पायरी, आता वळण, इथं कुत्रं झोपलंय. मी कुठं जातोय, कोणासमोर जातोय, हे माझ्या लक्षातच नव्हतं. डबा सांडता कामा नये, एवढंच मनात होतं.

वर कोणीतरी, बहुधा पुजाऱ्यानं, माझ्या खांद्यावरून डबा उतरवून घेतला. तोंडावर दिव्यांची ऊब आली, शेंदराचा आणि तेलाचा वास आला, आणि मग मला कळलं की मी देवीच्या दारात उभा आहे. डोळे गेल्यापासून तिला जे विचारायचं, जे सुनवायचं म्हणून मनात साठवलं होतं, त्यातलं काहीच आठवलं नाही. हात जोडले गेले. डोळ्यांतून पाणी येत होतं. तेवढं त्यांना अजून येत होतं.

कोणीतरी माझं मनगट धरलं. हात शेवंताचा होता. कोणासंग आलात, तिनं विचारलं. मी म्हटलं, या बाईसोबत. ती म्हणाली, कोणती बाई? तिथं बायकांची गर्दी होती, त्यातली कोणीही असेल. मी हाका मारल्या. गाईडनं चौकशी केली. पुजारी म्हणाला, तेल तर रोज कोणी ना कोणी आणतं. मी यावर वाद घालत नाही. गावातलीच एखादी म्हातारी असेल, दुसऱ्या वाटेनं उतरून गेली असेल. मला तिचे पाय धरायचे होते, ते राहून गेले, एवढं खरं.

शेवंताची पिशवी अजून भरलेलीच होती. ओटी तिनं भरली नव्हती. मी विचारलं, काऊन थांबलीस?

ती म्हणाली, "जोडीनं भरायची होती ना. मी आईले सांगतलं, माझ्यानं झालं नाही, आता तूच आण त्यायले. अन बसली."

एवढं साधं. तिनं नवस बोलला नव्हता, रडली नव्हती, माझी तक्रार केली नव्हती. दुखऱ्या गुडघ्यांनी वर चढून आली आणि माझं ओझं तिथं ठेवून बाजूला बसून राहिली. आम्ही दोघांनी मिळून ओटी भरली. तांदूळ ओंजळीतून सोडताना तिचे हात माझ्या हातांखाली होते.

बाहेर येऊन आम्ही पायऱ्यांवर बसलो. मी म्हटलं, सांग आता, काय दिसते? ती पिशवी बाजूला ठेवून माझ्याजवळ सरकली. मग सावकाश सुरू झाली. खाली तलाव आहे, आपल्या बोडीपेक्षा बहुत मोठा. काठावर बगळे आहेत. एक बाई चादरी वाळू घालून राहिली आहे, त्यातली एक उडाली. शहराची घरं अशी दाट, जशी रोवणीआधी धानाच्या रोपांचे पऱ्हे उभे असतात. गाईडच्या यादीत अजून दोन ठिकाणं राहिली होती. त्यानं त्यांचा विषयच काढला नाही. तोही पायरीवर बसून ऐकत होता. संध्याकाळी पाणी कसं रंग बदलतं, ते तिनं मला एकेका रंगानं सांगितलं. मी ते पाहिलं, असंच मी म्हणतो.

त्यानंतरच्या कापणीच्या दिवसांत शेवंता गेली. साधा ताप म्हणून दवाखान्यात नेली आणि परत आली नाही. ती रोज सांगायला तयार होती तेव्हा मी माझ्या अंधारात तोंड फिरवून बसलो होतो, हे आता सकाळी उठल्याबरोबर आठवतं. तिच्या आवाजात मला किती पाहता आलं असतं. ती सगळी वर्षं गेली आणि धारची ती सकाळही गेली. पण दुपार मिळाली. ती मी मागितली नव्हती. मी तर गाडीचं दारही उघडत नव्हतो. आईनं माझ्या न मागण्याकडं पाहिलं नाही, हे तिचे उपकार. आता मी पुन्हा हात जोडतो. डोळे दे म्हणत नाही. शेवंता बोलली होती तेवढंच बोलतो, की माझ्यानं होत नाही, आता तूच पाहा, आणि बसून राहतो.

गावातलं कोणी धारला निघालं की मला विचारायला येतात, तिथं काय काय पाहायचं म्हणून. मी त्यांना किल्ला सांगतो, तलाव सांगतो, देऊळ सांगतो. आणि म्हणतो, सोबत जे माणूस असेल ते काही दाखवायला लागलं, तर त्याला पूर्ण बोलू द्या. ते समजून घेतात आणि उठतात.