दस्तगीरची नोटीस

हे मी आजवर कुणाला बोललो नाही. बायकोलासुद्धा नाही. तुम्हाला का सांगतोय? कारण — जाऊ दे, सांगायचंय एवढंच.

दस्तगीर आणि मी मंगळवार पेठेतले. एका बाकावर शिकलो, एकाच तालमीत अंगाला माती लावली. व्यायाम झाला की दुधाच्या कट्ट्यावर जायचं. समोर म्हशीची धार काढलेली, ते कोमट, फेसाळ दूध उभ्याउभ्या प्यायचं. माझ्या मिशीला फेस लागला की हा गडी पोट धरून हसायचा. काय दिवस होते! आता तिथून जाताना मी दुसरीकडं बघतो.

पुढं त्यानं पाण्याच्या मोटारी भरायचं, म्हणजे जळलेलं वायंडिंग नव्यानं गुंडाळायचं दुकान काढलं आणि मी कोर्टाबाहेर टायपिंगचं टेबल टाकलं. खेड्यातली माणसं विहिरीवरच्या जळलेल्या मोटारी त्याच्याकडं टाकून बिनघोर जायची. पावती नाही, चिठ्ठी नाही. ‘दस्तगीरकडं हाय’ म्हटलं की विषय संपला.

काही वर्षांपूर्वी त्याच्या दुकानात चोरी झाली. चोर मागचा पत्रा उचकटून शिरले, लोकांच्या मोटारी नेल्या. त्यानं तक्रार दिली.

आता माझं. पंचनाम्याला पंच लागतात — जागेवर जाऊन डोळ्यांनी बघणारी दोन माणसं. पण जातंय कोण? एक हवालदार लिहून तयार असलेला कागद माझ्या टेबलावर आणायचा, चहा सांगायचा, मी सही ठोकायचो. कितीतरी वर्षं. त्या आठवड्यातही ठोकली. कुणाच्या दुकानाचा कागद आहे, एवढं तरी बघायचं की नाही माणसानं?

काही महिन्यांनी दस्तगीर कोर्टाचं पाकीट न फोडताच घेऊन टेबलाशी आला. कोर्टाची भाषा त्याला कळायची नाही. मला म्हणाला, तूच बघ. मी बघितलं. पोलिसांनी तक्रार खोटी ठरवून तपास बंद करायची परवानगी मागितली होती. फिर्यादीला काही म्हणायचं असेल तर त्यानं अमुक तारखेला हजर राहावं, असं कोर्ट विचारत होतं. मागं पंचनामा जोडलेला. दार शाबूत, कुलूप शाबूत, मागचा पत्रा सुस्थितीत. खाली माझी सही.

काय करायचं ते मला ठाऊक नव्हतं? असले हरकतीचे अर्ज तर मी रोज टाईप करत होतो! पोलिसांचा अहवाल मान्य नाही, पुन्हा तपास करा, असं मॅजिस्ट्रेटपुढं म्हणता येतं. तिथं ऐकलं नाही तर वर जाता येतं. मी फक्त उभं राहून सांगायचं होतं — साहेब, मी तिथं गेलोच नव्हतो. हवालदाराची भीती वाटली का? वाटली. पण खरी भीती दस्तगीरच्या नजरेची. ती मला सोसली नसती.

मी म्हणालो, “गड्या, कोर्टानंच बंद केली केस. आता काय हुईत न्हाई.”

तो म्हणाला, “तू म्हणतोस म्हंजे संपलंच की.”

कागद मी ठेवून घेतले. तारीख आली, गेली. पेठेत बोभाटा झाला — दस्तगीरनंच मोटारी विकल्या आणि चोरीचा बनाव केला. ज्यांच्या मोटारी गेल्या ती माणसं दुकानापुढं येऊन त्याला चोर म्हणाली. मी टेबलावर होतो. दोन महिन्यांत त्यानं शटर ओढलं आणि बायकोच्या गावी, नेसरीला गेला. तिथं पंखे, मिक्सर दुरुस्त करतो.

यंदा ईदला त्यानं बोलावलं म्हणून गेलो. हात अजून तसाच, गच्च दाबतो. जुन्या तालमीच्या गोष्टी काढून दोघंही खूप हसलो. नवी सून शीरखुर्मा घेऊन आली, तेव्हा त्यानं माझी ओळख करून दिली.

“पेठेत सगळी फिरली. ह्यो एकटाच माझ्याशी खरं बोलला.”

सुनेनं पदर सावरून मला सलाम केला. मी वाटी पुढं केली आणि आणखी मागून घेतला.