ज्ञानदेवआप्पांचा ड्रॉ

न्हावऱ्याच्या हायस्कुलात ज्ञानदेवआप्पा प्रयोगशाळा सहायक होते. आयुष्यात कधी बॅट धरली नाही, पण पंचक्रोशीतल्या टेनिस बॉल स्पर्धांचा ड्रॉ त्यांच्याशिवाय कुणी काढत नसे. कार्डशीटवर फूटपट्टीनं रेघा मारायच्या, सोळा संघांचे आठ, आठाचे चार करत शेवटच्या एका चौकोनापर्यंत यायचं. मैदानात सामना चालू असला तरी निम्मी गर्दी या कागदापुढं, निमोण्याची गाठ इनामगावशी कधी पडणार यावर भांडत असायची. रिकाम्या चौकोनांत ज्याला त्याला आपलंच गाव दिसायचं.

मुलगी मोनाली नर्सिंग करून दौंडच्या एका दवाखान्यात लागली आणि घरी स्थळं येऊ लागली. आठ झाली तेव्हा आप्पांना राहवेना. त्यांनी कार्डशीट आणली. शिक्षण, नोकरी, घरदार बघून पहिल्याच फेरीत चौघांना घरी पाठवलं. त्यातच रेल्वेतला नागसेन पाळ्यांच्या ड्युटीपायी गेला. अंतिम फेरीत शिरूरचा इंजिनिअर आणि पुण्याचा बँकवाला आले. पोरीला निदान बघायला तरी बोलवा, असं आप्पांच्या बायकोनं, मायाबाईंनी, भाकरी थापता थापता सुचवलं.

रविवारी मोनाली आली. तिनं सगळा कागद शांतपणे वाचला.

"आप्पा, ह्यात माझं नाव कुठं हाय?"

आप्पांचं बोट शेवटच्या चौकोनाकडं गेलं. तिथं नुसतं 'विजेता' लिहिलेलं.

"म्हंजी मी कप हाय व्हय?"

मायाबाई हसल्या. आप्पांना हसू आलं नाही. इतक्या वर्षांत त्यांच्या ड्रॉमध्ये कुणी चूक काढली नव्हती. कागदाची गुंडाळी करून ते म्हणाले, "तूच सांग मग."

तिनं तिघांना भेटायचं ठरवलं. अंतिम फेरीतले दोघं, आणि नागसेन. पाळ्यांची ड्युटी तिलाही होतीच. इंजिनिअर तासभर स्वतःच्या गाडीबद्दल बोलला. बँकवाल्यानं नोकरी कधी सोडणार ते विचारलं. नागसेनबरोबर स्टेशनबाहेर तीन चहा झाले आणि तिची बस चुकली.

मार्चमध्ये विहारात लग्न लागलं. पहिल्याच फेरीत हरलेला गडी जिंकला कसा, हे आप्पांना पाहुण्यांना काही समजावता आलं नाही.

आता ते दौंडला जातात तेव्हा बहुतेक दोघंही झोपलेली असतात. आप्पा आवाज न करता स्वयंपाकघरात मेथी निवडत बसतात. शेजारीण आलीच तर दारातच हळूच सांगतात, "जावई रात्रपाळी करून आलेत." सांगताना जरा ऐटच असते.