पार्वताबाईंचं अपील आणि वाटेवरचा झेंडू

चांदूर रेल्वेजवळच्या पार्वताबाईंचा देवाखालोखाल कोणावर भरवसा असेल, तर तो त्यांच्या अमरावतीच्या अपिलावर. शेताच्या धुऱ्यावरची, म्हणजे बांधावरची, वाट चुलतदीर नत्थुजींना मोकळी करून द्या, असा खालच्या कोर्टानं हुकूम दिला. बाईंनी वर अपील टाकलं आणि घरी येऊन त्याच वाटेवर झेंडू लावला. वर कौंडण्यपूरच्या देवीला बोलून बसल्या, की दसऱ्याचा हार याच फुलांचा.

त्यांच्या लेखी सगळं सरळ होतं. जावांचं भांडण सासूकडे गेलं, की सासू बोलेपर्यंत जावांनी गप्प बसायचं. मग मोठ्या कोर्टात गेल्यावर लहान्या कोर्टाचं कोण ऐकतं?

झेंडू गुडघ्याएवढा झाला आणि हुकूम मोडल्याची नोटीस आली.

तारखेला दोघं एकाच एसटीनं गेले. नत्थुजींनी रुमाल टाकून वहिनीची जागा धरली होती.

"मले जेलात धाडाले निंगाले, अन् जागा धरता?"

"उभ्यानं गेल्या तं पाय सुजतीन, वयनी. साहेबाले वाटन, म्याच मारलं."

कोर्टात साहेबांनी विचारलं, "स्थगिती आहे का?"

"अपील हाये नं, साहेब," बाई हात जोडून म्हणाल्या.

त्यांच्या वकील वर्षालीताईंनी कपाळाला हात लावायचा तेवढा ठेवला. अपील टाकलं म्हणून हुकूम थांबत नाही, हे त्यांनी आधीच सांगितलं होतं. पण तेव्हा बाई त्यांना गुलाबाची छाटणी शिकवत होत्या. साहेबांनी बजावलं, पुढच्या तारखेपर्यंत वाट मोकळी झाली नाही, तर कैद.

परतताना बाई बोटांवर दसऱ्याचे दिवस मोजत होत्या. कैदेचं भय होतंच. पण देवीला बोललेली फुलं दसऱ्याआधी उपटायची कशी?

सकाळी त्यांनी देवापुढे दिवा लावला. "आई, जागा बदलून राहिली, बोलणं नाई." मग फावडं घेऊन एकेक झाड मातीच्या गड्ड्यासकट काढलं आणि आपल्या कपाशीच्या कडेला नेऊन लावू लागल्या.

नत्थुजी धावत आले. "आना, मी धरू लागतो."

"हात लावू नोका. हुकूम माह्यावर हाये. तुमी फक्त चाला!"

नत्थुजी चालले, पण चपला हातात घेऊन. देवीच्या फुलांची माती ती. पलीकडून त्यांनी आपल्या विहिरीच्या पाण्याची बादली आणली. पाण्याबद्दल हुकुमात काही लिहिलेलं नव्हतं, म्हणून बाईंनी ती घेतली.

"आता अपील मांगं घेता नं, वयनी?"

"कावून?" बाई झाडाच्या बुडाशी माती दाबत म्हणाल्या. "मी जितली, तं दुसऱ्याच दिवशी वाट बंद. मंग तुमी कितीबी वर अपील टाका, मी उघडाची नाई. आता मले कायदा समजला."