भैय्याजींचा आवाज

भीमाबाईंच्या घरात बुद्धांच्या तसबिरीखालच्या फळीवर एक जाडजूड पुस्तक होतं. कॉलेजात शिकवणाऱ्या पुष्कर सरांचं. गोरे साहेब गेले तरी परदेशी सिनेमा कंपन्या आपल्यावर राज्य कशा करतात, जिंकल्या गेलेल्या माणसाची बोली विदूषकाच्या तोंडी घालून त्याचं हसं कसं करतात, हे सरांनी त्यात लिहिलेलं. भीमाबाई सातवीपर्यंत शिकलेल्या. पण नात मेघा हिच्याकडून त्यांनी ते सगळं वाचून घेतलं होतं. एक प्रकरण भैय्याजींवर होतं ना!

भैय्याजी म्हणजे भीमाबाईंचे मालक. नागपुरातल्या एका जुन्या टॉकीजवर जन्मभर दारवान. शेवटच्या आजारपणात सर प्रताप नगरहून यायचे, खाटेवर मोबाइल ठेवून त्यांचं बोलणं भरून घ्यायचे. भैय्याजींनी एकच अट घातली.

"सर, लिहा काय लिहायचं ते. पण माह्या बोलण्यावर लोकं हासतीन, असं नका करू."

"भैय्याजी, मी त्याच्याविरुद्धच तर लिहितो!"

त्या दिवशी भीमाबाईंनी सरांना पाटवड्यांचा रस्सा आग्रह करकरून वाढला होता.

भैय्याजी गेले, पुस्तक आलं. आणि परवा मेघा मिहानमधल्या ऑफिसातून तिकिटं घेऊनच घरी आली.

"आजी, परदेशी पिक्चर मराठीत आला. संवाद आपल्या सरांचे!"

भीमाबाईंनी ठेवणीतली पांढरी साडी काढली.

पडद्यावर कुठल्याशा ग्रहावरचा राजवाडा. दारात लांब कानांचा, लाळ गाळणारा दारवान. त्यानं तोंड उघडलं, "काहून गा, घरी बायको वाट पाहून राहिली का? बस, अन् पुरा पाहून जाय!"

मध्येच उठणाऱ्या प्रेक्षकाला भैय्याजी हेच म्हणायचे. अगदी असाच 'गा' लांबवून. सगळं थिएटर खदाखदा हसलं. मेघाही हसली, मग आजीचा चेहरा बघून गप्प झाली.

भीमाबाईंनी बाहेर येऊन सरांना फोन लावला.

"मावशी, पाहिलात? भैय्याजी घराघरात पोचले हो!"

"सर, तुम्ही त्याहिले शब्द देल्ला होता."

"अहो, विनोदी पात्र आहे. अपमान थोडाच आहे?"

"मंग पुस्तकात काहून तसं लिहिलं?"

सर पिक्चरला किती गर्दी आहे ते सांगू लागले.

"माह्या माणसाचं बोलणं मले वापस द्या. ते रेकॉर्डिंग."

"ते... त्या दारवानाच्या आवाजासाठी कंपनीला दिलंय, मावशी. करारच तसा आहे. माझ्याकडेही नाही आता."

घरी येऊन भीमाबाईंनी मेणबत्ती लावली, हात जोडले. वंदना अर्ध्यावरच थांबवली. मग त्यांनी पुस्तक खाली काढलं. भैय्याजींचा फोटो छापलेलं पान तेवढं अलगद फाडलं, तसबिरीपाशी ठेवलं.

"बाकीचं सराहिले नेऊन दे वं मेघा," त्या म्हणाल्या. "अन् सांगजो, एकदा सोता पुरं वाचून पाहा म्हणा."