आठ कोरे चौकोन

तिचा दिवस पावणेपाचला सुरू व्हायचा. आईला गोळी द्यायची, चहा ठेवायचा आणि पाचला खिडकीजवळच्या टेबलाशी बसायचं. डोळे ताजे असताना चित्र काढावं, हा तिचा नियम. संगणकाच्या पडद्यावर टिचकी मारायला जी नखाएवढी चित्रं असतात, ती ही बाई काढायची. बत्तीस घरं आडवी, बत्तीस उभी, सगळी मिळून एक हजार चोवीस. प्रत्येक घर हाताने भरायचं. पाण्याच्या एका थेंबाला तिला चार सकाळी लागल्या. पाचव्या सकाळी तिने तो पुसला, कारण तो कांद्यासारखा दिसत होता.

दिवसा कंपनीत बसून ती ही चित्रं प्रोग्रॅममध्ये बसवायची. पडद्यावर एकेक लेबल, म्हणजे एक कोरा चौकोन, मांडायचं, त्यात चित्र घालायचं आणि खाली नाव लिहायचं. पण साहेबांना नावं नको होती. पडदा मोकळा दिसला पाहिजे, अक्षरांची गर्दी कशाला, असं त्यांचं म्हणणं. नुसत्या चित्रावर माणूस चुकेल, असं तिने एकदा सांगितलं. दुसऱ्यांदा सांगितलं नाही.

तो प्रोग्रॅम इस्पितळांचे कपडे धुणाऱ्या एका मोठ्या लाँड्रीसाठी होता. तिथे धुलाईयंत्रावर काका होते, एकतीस वर्षं. पूर्वी ते दांडे ओढायचे, आता चित्रं दाबायची. पहिल्या दिवशी त्यांनी पडदा नीट पाहून घेतला आणि म्हणाले, "चित्रवाले, तुझी ही वाफ म्हणजे आमच्या मुकादमाची मिशी." तेव्हापासून ती तिथे चित्रवाली झाली. काकांनी सातही चित्रं दोन दिवसांत पाठ केली. डावीकडून तिसरं ब्लीचचं, ते फक्त पांढऱ्या चादरींना. चौथं खळबळण्याचं.

काही महिन्यांनी लाँड्रीने कपडे भिजत ठेवायची सोय मागितली. तिने आठवं चित्र काढलं आणि दुसऱ्या जागेवर घातलं, कारण भिजवणं साबणाच्या आधी येतं. पुढची सगळी एकेक जागा सरकली. ते लाँड्रीला कळवायचं राहिलं. दुसरी चूक याहून वाईट होती. घाईत प्रोग्रॅम तपासताना तिने चित्रांचा पत्ता म्हणून स्वतःच्या संगणकावरची जागा लिहिली होती, ती बदलायची विसरली. तिच्याकडे सगळं झकास दिसत होतं. लाँड्रीच्या संगणकावर ती जागाच नव्हती. आणि चित्र सापडलं नाही तर प्रोग्रॅम बोंब मारत नाही. लेबल कोरं ठेवतो आणि पुढे जातो.

मुकादमाने सकाळी नवा प्रोग्रॅम चढवला आणि न बघता मालाच्या दारावर निघून गेला. काकांनी त्याला जाऊन सांगितलं, चित्रं गेलीत. तो म्हणाला, गाड्या खोळंबल्यात, चालवा तसंच. काकांनी खळबळण्यासाठी डावीकडून चार मोजले आणि दाबलं. यंत्रात शस्त्रक्रियेचे हिरवे गाऊन होते, चारशे. चौथ्या जागी आता ब्लीच होतं.

बोलावणं आल्यावर ती अकराला पोचली. सगळे मागच्या अंगणात त्या ब्लीचने पांढऱ्या कवड्या पडलेल्या गाऊनांभोवती उभे होते. यंत्राच्या खोलीत कोणी नव्हतं. पडद्यावर आठ कोरे चौकोन. तिला तिथल्या तिथे सगळं समजलं. पर्समधून पेनड्राइव्ह काढून तिने चित्रं भरली आणि पत्ता बदलला. पाच मिनिटंही लागली नाहीत.

तेवढ्यात काका सगळ्यांना घेऊन आत आले. "या, तुम्हीच बघा, चित्रंच नाहीत."

आठही चित्रं लखलखत होती. मुकादमाने पडद्याकडे पाहिलं, काकांकडे पाहिलं. आपण काय सांगितलं होतं ते त्याने गिळून टाकलं आणि म्हणाला, "काका, डोळे तपासून घ्या."

"सकाळी नव्हती," काका म्हणाले. मग तिच्याकडे वळले. "चित्रवाले, तू आधी आलीस. तूच सांग."

"मी आले तेव्हा होती," ती म्हणाली.

काकांना यंत्रावरून काढून ओल्या कपड्यांवर घातलं. ओल्या चादरींची एक खेप म्हणजे एकशेदहा किलो. ढकलगाडी खोल असते. तळातली चादर काढायला माणसाला कमरेत घडी घालावी लागते. दिवसाला बावीस खेपा. वय अठ्ठावन्न.

साहेबांनी आता चित्रांखाली नावं घालायला सांगितली. ती घालायला ती लाँड्रीत गेली, पुढेही कामानिमित्त जात राहिली. काका दिसले की बाजूला होऊन वाट द्यायचे आणि म्हणायचे, "या मॅडम." चित्रवाली हा शब्द पुन्हा त्यांच्या तोंडून आला नाही. खाई त्याला खवखवे. घरी तिची सकाळची बैठक चालू होती, पण घरं भरली जात नव्हती. आईने विचारलं तर पाठ दुखते म्हणायची. पाठ दुखत होती ती दुसऱ्याची.

तीन महिने गेले. एके दिवशी ती लाँड्रीत असताना जेवणाच्या सुट्टीत मुकादमाने काकांच्या पुढ्यात पाण्याचा तांब्या ठेवला आणि म्हणाला, "दिसतोय ना काका, की हाही गेला?" सगळे हसले. काकाही हसले. ते हसणं तिला सोसवलं नाही. ती उभी राहिली.

"काका खोटं बोलले नव्हते. चित्रं गेली होती. चूक माझी होती. तुम्ही अंगणात होता तेव्हा मी ती भरली आणि नंतर खोटं बोलले."

मुकादमाने ताटात मान घातली. काकांनी हातातला घास ताटात परत ठेवला. मग म्हणाले, "मी डोळे तपासून आलो. दोनदा. डॉक्टर म्हणाला, नजर चांगली आहे. मग मला वाटलं, डोकं गेलं."

तिने माफी मागितली. काका म्हणाले, माफी घेऊन ठेवू कुठे.

यंत्रावर एव्हाना दुसरा माणूस बसला होता. मालकांनी त्याला हलवलं नाही. कंपनीत हे कळल्यावर साहेबांनी तिच्याकडून चित्रांचं काम काढून घेतलं आणि इतरांची लेबलं तपासायला बसवलं, पगारही कमी केला. तिने तक्रार केली नाही. पावणेपाचला उठणं सोडलं नाही. त्या वेळेत ती बाहेरची कामं घेऊ लागली, दुकानांच्या पाट्यांची अक्षरं, औषधांच्या खोक्यांवरच्या खुणा.

लाँड्रीच्या मालकांकडे तिने तळाला स्प्रिंग असलेली ढकलगाडी मागून पाहिली. वरचा कपडा काढला की तळ आपोआप वर येतो, वाकावं लागत नाही. जुन्या गाड्या चालतात की, असं उत्तर आलं.

अकरा महिन्यांनी तशी एक गाडी लाँड्रीच्या दारात उतरली. तिच्या पगारातल्या आणि त्या सकाळच्या कामांच्या पैशांतून घेतलेली. काकांनी ती भरली, चाक पायाने ढकलून पाहिलं आणि चादरी काढायला लागले. शेवटची चादर त्यांनी उभ्याने काढली. मग तिच्याकडे न बघता गाडी घेऊन पुढच्या खेपेला गेले. त्यांच्या नोकरीचे सात महिने उरले होते.