हरणांचं फाटक

राजधानीच्या कडेला ऐन झारा नावाची आमची वस्ती आहे; तिथे कुणालाही विचारा, उस्ता आशूरने आमच्या गल्लीच्या चाव्या पूर्वेकडच्या सैन्याला एका जनरेटरच्या बदल्यात विकल्या, असंच तो सांगेल. सांगणारा जरा रंगात आला तर जनरेटरचा रंगही सांगेल. पिवळा म्हणे. हे साफ खोटं आहे. पिवळा जनरेटर आशूरचा स्वतःचाच, लढाईच्या कितीतरी आधीचा. तो सुरू झाला की अख्ख्या गल्लीतल्या नवऱ्यांना बायकांचं बोलणं ऐकू येईनासं व्हायचं आणि त्याबद्दल काहींनी आशूरला मनापासून दुवा दिलेली आहे. तेव्हा आशूरने चाव्या विकल्या नाहीत. त्याने त्या फुकट दिल्या.

आशूरने ही अफवा कधी खोडून काढली नाही. खोडायची तर खरं काय ते सांगावं लागलं असतं, आणि अफवेपेक्षा खरं तेच त्याला जड जात होतं.

आशूर लोखंडी फाटकं बनवायचा, म्हणून उस्ता, म्हणजे कसबी कारागीर. दारासारखा रुंद माणूस, आणि मिशी एका बाजूने कायम आखूड, कारण वेल्डिंगच्या ठिणग्या त्याच बाजूला उडायच्या. गल्लीतलं एकेक फाटक त्याच्या हातचं. कुणाच्या फाटकावर खजूर, कुणाच्या चांदणी, आणि हाज मिलादच्या फाटकावर गरुड. त्या गरुडाला मुलं कोंबडी म्हणायची. आशूरच्या स्वतःच्या घराला मात्र गंजका पत्रा. बायको हनिया वर्षानुवर्षं म्हणत आली, "लोकांच्या दारात बाग फुलवतोस आणि मी पत्र्याआड राहते." त्याचं उत्तर ठरलेलं, "गिऱ्हाइकांचं होऊ दे, मग आपलं." हनियाच्या मते त्याची गिऱ्हाइकं कयामतच्या आदल्या दिवशी संपणार होती.

त्याच्या सगळ्या कामांत शिरोमणी म्हणजे समोरच्या सास्सी न्हाव्याचं फाटक. सास्सीने लग्नाच्या वेळी मागितलं होतं, समोरासमोर उभी दोन हरणं, मध्ये द्राक्षाची वेल. आशूरने जीव ओतला. पण डाव्या हरणाचं एक शिंग वाकडं झालं. आशूर म्हणाला, मुद्दाम केलंय, हरीण मान वळवतंय. झालं, सास्सीने त्या हरणाची बकरी केली आणि त्याला जन्मभराची चेष्टा मिळाली.

"उस्ता, तुझी बकरी आज चरली नाही रे!" सकाळी दुकानाकडे निघताना तो ओरडायचा.

"तू तिची दाढी करायला घेतली असशील. भ्यायली असेल," आशूर पत्र्याआडून ओरडायचा.

दर शुक्रवारी नमाजाआधी आशूर सास्सीच्या खुर्चीत बसायचा आणि जळकी मिशी सारखी करून घ्यायचा. दोघांची दोस्ती ती एवढीच, पण ती चुकली तर शुक्रवार झाल्यासारखा वाटायचा नाही.

मग एका एप्रिलमध्ये पूर्वेचं सैन्य राजधानीवर चालून आलं. त्यांच्या पाठीशी काही परके देश, शहराच्या पाठीशी दुसरे. भाडोत्री माणसंही दोन्हीकडे. भांडण आमचं, पेट्रोल आमचं, मरणारी पोरं बहुतेक आमची. आभाळात घिरट्या घालणारी बिनमाणसाची विमानं तेवढी पाहुण्यांची. ऐन झारा बरोबर मधोमध सापडलं. गाद्या, गॅसच्या टाक्या, म्हाताऱ्या, बकऱ्या, सगळं गाड्यांवर लादून गल्ली निघाली.

आमच्याकडे रीत आहे. घर सोडून जाणारा चावी खिशात घालत नाही, जो मागे राहतो त्याच्या हातात देतो. घेणाऱ्याला नाही म्हणता येत नाही. त्याने भिंतीवरून झाडांना पाणी घालावं, कोंबड्यांना दाणे टाकावे, पण कुलूप उघडू नये. घराला आग लागली तरच. मागे राहिला एकटा आशूर. हनियाला त्याने तिच्या बहिणीकडे जंझूरला पाठवलं आणि आपण यंत्रांची राखण करायला थांबला. एकेक गाडी त्याच्या पत्र्यापाशी थांबायची, काचेतून हात बाहेर यायचा, हातात चावी. त्याने कारखान्यातल्या भिंतीवर सळीचे आकडे ठोकले आणि सगळ्या चाव्या ओळीने टांगल्या. खोटं कशाला सांगा, त्याला ऐट वाटली. सगळी गल्ली आपल्या भिंतीवर लटकतेय असं तो म्हणायचा, आणि तेव्हा अजून हसून म्हणायचा.

सगळ्यांत शेवटी सास्सी निघाला. चावी देताना म्हणाला, "बकरीला सांभाळ."

"तू स्वतःला सांभाळ. बकरी लोखंडाची आहे."

काही दिवसांनी पूर्वेचे शिपाई आले. आशूरचा पत्रा एका लाथेत आडवा झाला. त्या आवाजाने आशूर कारखान्यात एका कोपऱ्यात, टाकीमागे, दोन्ही हात डोक्यावर घेऊन बसला. त्यांनी त्याला ओढून बाहेर काढलं, झडती घेतली, लोखंडाचं भंगार पाहिलं आणि सोडून दिलं. म्हातारा लोहार, याचं काय घ्यायचं! त्यांना वर्दळीवर नजर ठेवायला एक उंच घर हवं होतं, आणि गल्लीत दोन मजली घर एकच, सास्सीचं. ते रस्ता ओलांडून गेले. आशूर तिथेच उभा. कुणी त्याच्याकडे बघतही नव्हतं. मागच्या गल्लीतून तो सरळ निघून गेला असता तरी कुणी हटकलं नसतं.

एका पोरसवदा शिपायाने फाटकाला खांदा दिला. फाटक हललं नाही. त्याने लाथ घातली. आशूरच्या फाटकाला लाथ म्हणजे पायालाच लागायची. मग त्यांच्या म्होरक्याने सगळ्यांना मागे सरकवलं आणि बंदूक कुलपाकडे रोखली. कुलूप बरोबर डाव्या हरणाच्या मानेशी होतं.

"थांबा!" आशूर ओरडला. "थांबा, तोडू नका! माझ्याकडे चावी आहे!"

आणि तो धावला. इतकी वर्षं कुणी त्याला चालण्यापलीकडे काही करताना पाहिलं नव्हतं, पण त्या दिवशी तो धावत आत गेला, आकड्यावरची चावी घेतली, धावत आला आणि स्वतःच्या हाताने फाटक उघडलं.

म्होरक्याने बंदूक खाली केली. हरणांवरून हात फिरवला. "तुझं काम?"

"हो."

"देव तुझ्या हातांना राखो, उस्ता."

इथे आशूरच्या गोष्टीतला तो तुकडा येतो जो त्याने हनियालाही फार उशिरा सांगितला. त्याला बरं वाटलं. घाबरलेला होता, पण आतून बरं वाटलं. त्या दिवशी त्याने त्यांना चहा केला. आमच्या पद्धतीने, उंचावरून ओतून, फेस काढून, तिसऱ्या फेरीला भुईमुगाचे दाणे घालून. त्यांच्यातल्या दोघांना आमची भाषा येत नव्हती. ते बिनसाखरेचा पीत होते, पण त्यांनीही अंगठा वर केला.

एकदा चाव्या कुठे टांगल्यात हे कळल्यावर पुढचं सोपं होतं. रोज कुणीतरी यायचं, अगदी अदबीने. "उस्ता, खजुराच्या फाटकाची देता का?" "उस्ता, ती कोंबडी कुठल्या आकड्यावर?" आशूर द्यायचा. गरुड आहे म्हणून सांगायचाही. फाटकाला धक्का लागायचा नाही, आणि आत काय चाललंय ते फाटकाबाहेरून दिसायचं नाही. आपली कामं इतकी पक्की बनवली होती त्याने.

उन्हाळा गेला, हिवाळा गेला. वरून पाहुण्यांची विमानं यायची आणि ज्या घरात माणसं बसलीत ते घर फोडायची. माणसं कुठल्या घरात बसलीत ते आशूरला चांगलं ठाऊक होतं, उघडून त्यानेच दिलेलं होतं. शेवटच्या महिन्यांत आच फारच वाढली तेव्हा तोही जंझूरला पळाला.

पुढच्या जूनमध्ये पूर्वेचे मागे हटले आणि गल्ली परत आली. बातमी ऐकल्याबरोबर आशूर आधी पोचला होता. घरांना छपरं नव्हती, भिंतींना भोकं होती, पण फाटकं? सगळी उभी, सगळी बंद. आणि कारखान्यातल्या आकड्यांवर चाव्या जशाच्या तशा परत टांगलेल्या. जाताना शिस्तीने कुलपं घालून गेले होते. आशूरला वाटलं, एवढी तरी लाज राखली त्यांनी.

सास्सी गाडीतून उतरला तो धावतच आला. "उभी आहे का माझी बकरी?"

"बघ की. ओरखडा नाही," आशूर म्हणाला आणि चावी त्याच्या हातात ठेवली.

सास्सीने वर बघून घराचा फुटलेला मजला पाहिला, मग खाली हरणं पाहिली आणि हसला. "देव तुझ्या हातांना राखो, आशूर."

तेच शब्द. आशूरला तो म्होरक्या आठवला, पण तोपर्यंत सास्सीने चावी फिरवून फाटक ढकललं होतं. आतून तार बांधलेली होती, तारेला सुरुंग.

सास्सीचा उजवा पाय गुडघ्याखाली गेला. आशूर मागे होता, त्याचा एक कान गेला. हनिया म्हणते तो आधीही तिच्यासाठी चालत नव्हताच. गल्लीतल्या शहाण्यांनी पुढे शोध लावला की फाटक इतकं जाड नसतं तर सास्सी जगलाच नसता, म्हणजे आशूरनेच त्याला वाचवलं. कुणी ही थिअरी मांडायला लागलं की आशूर उठून जायचा. कारण ज्यांची फाटकं लढाईत फुटली होती अशी घरं पलीकडच्या गल्लीत भरपूर होती. तिथे लोक दबकत, दगड टाकून बघत, सुरुंग काढणाऱ्यांना बोलावून आत गेले. बंद, शाबूत, नीट कुलूप घातलेलं दार पाहून माणूस घरी आल्यासारखा आत जातो. तसा सास्सी गेला.

त्यानंतर आशूरने फाटक बनवलं नाही. पाण्याच्या टाक्यांचे स्टँड आणि कोंबड्यांची खुराडी तेवढी करायचा. सास्सी लाकडी पाय लावून, उंच स्टुलावर बसून पुन्हा दुकान चालवू लागला. आशूर तिकडे फिरकला नाही, आणि दुसऱ्या न्हाव्याकडेही गेला नाही. केस खांद्यावर आले, दाढी छातीवर. नवीन अफवा उठली की उस्ता आशूर फकीर झालाय, रात्रंदिवस जपमाळ ओढतो. एक बाई तर आजारी पोर फुंकून घ्यायला आली. हनियाने तिला खुराडं विकून परत पाठवलं.

हनियाही गप्प बसणारी नव्हती. जनरेटरच्या अफवेवर उतारा म्हणून तिने स्वतःची एक सोडली. नवऱ्याच्या डोक्याला बंदूक लावली होती, बिचाऱ्याने कलमा म्हटला होता, तेव्हा कुठे चावी दिली. लग्नघरी, मयतीच्या घरी, पाण्याच्या टँकरपाशी तिने ही इतक्या वेळा सांगितली की लोकांना त्या बंदुकीचा रंगही माहीत झाला.

सास्सीपर्यंत दोन्ही पोचल्या. तो हाज मिलादला म्हणाला, "विकली असेल तर मरेपर्यंत तोंड बघणार नाही. घाबरून दिली असेल तर प्रश्नच नाही, मीही दिली असती. पण त्याने माझ्यासमोर सांगावं."

हाज मिलाद म्हणजे आमच्या गल्लीतला तंटे मिटवणारा. मिटवायला तंटा नसेल तर त्याची तब्येत बिघडते. त्याने ठरवलं, रमजानच्या आत हा अबोला संपायला हवा. आशूरच्या घरी शुक्रवारी दुपारी बाझीनचं जेवण, सगळे वडीलधारे, एकच परात. हाज विचारेल, "आशूर, तुझ्यावर जबरदस्ती झाली होती ना?" आशूर मान हलवेल. सास्सी म्हणेल, "देव माफ करो," आणि परातीत हात घालेल. एका परातीत हात गेले की तंटा संपला, ही आमची रीत. हाजने आदल्या दिवशी येऊन आशूरकडून मान हलवण्याची तालीमसुद्धा करून घेतली. "जोरात नको. थोडीशी, दुःखाने. अशी."

शुक्रवार आला. परातीच्या मध्ये जवाच्या उकडीचा घुमट, भोवती लाल रस्सा, बटाटे, उकडलेली अंडी, मटण. सास्सी आला, लाकडी पाय बाजूला सरळ करून बसला. त्याने आशूरच्या दाढीकडे पाहिलं आणि राहवेना म्हणून बोललाच, "आता बकरी कोण झालंय रे?"

सगळे हसले. आशूरचे डोळे भरून आले. हाज मिलादला वाटलं, काम फत्ते. त्याने घसा साफ केला. "आशूर, या लोकांसमोर सांग. तुझ्यावर जबरदस्ती झाली होती ना?"

सास्सीचा हात परातीच्या काठापर्यंत आला होता.

आशूरने मान हलवली, पण आडवी. "नाही. मला कुणी विचारलंही नव्हतं. ते कुलूप फोडणार होते. मीच हाक मारली, मीच चावी आणली, मीच उघडलं. हरणं फुटतील म्हणून." मग थांबून, खाली परातीकडे बघत, "आणि त्यांनी फाटकाची तारीफ केली तेव्हा मला बरं वाटलं. मी चहा केला."

आत भिंतीआड हनियाच्या हातून काहीतरी पडलं.

सास्सीने हात मागे घेतला आणि मांडीवर ठेवला. "मला भूक नाही," तो म्हणाला. लोकांना वाटलं, उठणार. कुबडी त्याच्या हाताशीच होती. पण तो उठला नाही. बाकीच्यांनी कसंबसं चार घास खाल्ले, रस्सा थिजला, चहाच्या तिन्ही फेऱ्या झाल्या, आणि सास्सी तिथेच, परातीपाशी, भिंतीकडे बघत बसून राहिला. जेवला नाही आणि गेलाही नाही. त्याचा अर्थ काय यावर गल्लीत आजही दोन पक्ष आहेत.

हाज मिलादचा मात्र पारा चढला होता. निघताना पत्र्यापाशी त्याने आशूरला धरलं.

"अरे गाढवा, काल तालीम कशाला केली होती? नुसती मान हलवायची होती! डोक्याला बंदूक होती म्हणायचं, संपलं. कोण बघायला आलं होतं तिथे?"

आशूर म्हणाला, "मी होतो ना, हाज. बंदूक माझ्या डोक्याला नव्हती. दाराला होती."